शाहिरांच्या गाण्यात आपली नर्मदा

'जय जय महाराष्ट्र माझा' तुम्ही कितीदा ऐकलं असेल. पुढच्या वेळी त्यातल्या नद्यांकडे लक्ष द्या. पहिलं नाव येतं रेवेचं. रेवा म्हणजे नर्मदा, आपली ग्वारीघाटावरची! शब्द नागपूरच्या राजा बढे यांचे, चाल श्रीनिवास खळे यांची आणि आवाज शाहीर साबळ्यांचा. २०२३ पासून ते महाराष्ट्राचं राज्यगीत आहे. इकडे रिछाईत राहूनही ते आपलं वाटतं, त्यात या रेवेचा वाटा आहेच.

कृष्णराव गणपतराव साबळे यांचा जन्म ३ सप्टेंबर १९२३ चा, वाईजवळच्या पसरणी गावातला. शाळा सातवीपर्यंत. लहानपणी अमळनेरला असताना साने गुरुजींचा सहवास मिळाला आणि गाणं लोकांना जागं करण्यासाठी असतं, हे मनात बसलं. डफ हातात आला तो स्वातंत्र्याच्या चळवळीत.

गंमत बघा. त्याच महिन्यात, १७ तारखेला, अमेरिकेतल्या अलाबामात हँक विल्यम्स जन्मला. तिकडे गावाकडच्या गाण्याला 'कंट्री म्युझिक' म्हणतात आणि हँक त्यातला फार मोठा गायक. त्याला गाण्याचे धडे दिले ते रस्त्यावर गाणाऱ्या रूफस पेन या कृष्णवर्णीय कलाकाराने. पण दारू आणि दुखणं यांनी त्याला पोखरलं. १ जानेवारी १९५३ ला, कार्यक्रमाला जाताना, गाडीतच तो गेला. वय २९.

साबळे ९१ वर्षं जगले. हँकच्या वाट्याला न आलेली ही साठेक वर्षं त्यांनी नुसती स्वतःच्या गाण्यात घालवली नाहीत, म्हणून मला ते मोठे वाटतात. वासुदेव, गोंधळी, वाघ्या-मुरळी, कोळी, भारूडवाले हे सगळे आपल्या आजीच्या दारात येत. गावं बदलली, तसे ते येईनासे झाले. साबळ्यांनी 'महाराष्ट्राची लोकधारा' या कार्यक्रमात त्यांना शहरातल्या नाट्यगृहात उभं केलं. रंगमंचावर आलं की अस्सलपणा थोडा कमी होतो, असं जाणकार म्हणतात. खरं असेल. पण शहरातल्या पोरांना गोंधळ दिसला तो त्यामुळेच.

त्यांच्या अनेक गाण्यांचे शब्द पत्नी भानुमतीबाईंचे आहेत. गाणं सगळ्यांच्या तोंडी आणि लिहिणारी मात्र कुणाला आठवत नाही, हे मला खटकतं.

घरात मुलं हिंदीतच बोलत असतील, तर त्यांना एकदम पोवाडा लावू नका, उठून जातील. आधी साबळ्यांच्या आवाजातलं 'विंचू चावला' ऐकवा. मूळ भारूड संत एकनाथांचं, सोळाव्या शतकातलं. पोरं आधी हसतात, मग विचारतात, "खरंच चावला का?" तो विंचू काम-क्रोधाचा आहे, हे तेव्हा सांगावं. मग 'या गो दांड्यावरून' लावा. त्याला समजावून सांगावं लागत नाही, पाय आपोआप हलतात.

१९९८ मध्ये साबळ्यांना पद्मश्री मिळाली. २० मार्च २०१५ ला ते गेले. भरत जाधव, अंकुश चौधरी, त्यांचा नातू केदार शिंदे ही मंडळी लोकधारेतच तयार झाली. २०२३ मध्ये, शाहिरांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, केदारने 'महाराष्ट्र शाहीर' हा चित्रपट केला. त्यात शाहीर झाला अंकुश, एकेकाळी त्यांच्याच मेळ्यात मागे नाचणारा मुलगा.