हरकत नाही म्हणे!

दोस्तहो, दोन रानं डोळ्यापुढं आणा. मधे एकच बांध. अलीकडं आमचं महार वतनाचं, पलीकडं पाटलाचं. माती तीच, पाऊस तोच. १९७३ साली कालवा आला आणि दोन्ही रानं एकाच अधिसूचनेत, एकाच दरानं गेली. १९७९ साली कोर्टानं पाटलाचा दर वाढवला. आमचा तिथंच. कोर्टानं आमच्याविरुद्ध निकाल दिला असं समजू नका. आम्ही कोर्टात नव्हतोच.

का नव्हतो? आज्या सांगायचा ते ऐका. मोबदला घ्यायला तालुक्याला बोलावलेलं. टेबलावर कागद, शाईचा पॅड. आज्या म्हणला, "सायब, पैसं कमी वाटत्यात." बाबूनं चष्म्यावरनं बघितलं. "हरकत हाय का तुझी? मग ऱ्हाऊ दे पैसे." आज्या घाबरला. "न्हाय न्हाय सायब, हरकत न्हाय." झालं. अंगठा उमटला.

त्या 'हरकत न्हाय'ची किंमत कायद्यात लिहिलेली होती. भूसंपादन कायदा १८९४ चा. गोऱ्या सायबानं केलेला, काळ्या सायबानं २०१३ सरेपर्यंत जिवापाड सांभाळलेला. कलम ३१ सांगायचं, पैसे हरकत राखून घेतले नसतील तर कलम १८ चा अर्ज करता येणार नाही, म्हणजे वाढीव मोबदल्याला कोर्टाचं दार बंद. पाटलाच्या वकिलानं पावतीवर 'अंडर प्रोटेस्ट' एवढे दोन शब्द लिहिले होते. दोन शब्दांवर एकरी भाव ठरला!

हरकत राखली तरी मुदतीचा फास होताच. निवाड्याला हजर असाल तर सहा आठवडे. नसाल तर नोटिशीपासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, जे आधी संपेल ते. आणि १९८४ पर्यंत कलम २५ ची मेख वेगळी. नोटिशीला उत्तर देताना जेवढं मागितलं त्याच्या वर कोर्टाला जाताच येत नसे. मागितलंच नाही आणि तसं सबळ कारणही नाही, तर अधिकाऱ्यानं दिलं त्याहून छदाम जास्त नाही. गावानं ज्याला पिढ्यान्पिढ्या दारोदार शिळी भाकर मागायला लावली, त्याला रानाचा भाव मागता आला नाही म्हणून त्याचं रान स्वस्त. याला म्हणायचं न्याय!

१९८४ साली दिल्लीला थोडी लाज वाटली. कलम २८-अ आलं. शेजाऱ्याचा दर कोर्टानं वाढवला, तर त्याच अधिसूचनेतल्या ज्यानं अर्ज केला नव्हता त्यालाही तो मागता येईल. कधी? कोर्टाच्या निवाड्यापासून तीन महिन्यांत. आता सांगा, पाटील जिंकल्यावर महारवाड्यात पेढे वाटायला येतो का? सरकार तर त्या खटल्यात पक्षकार असतं, त्याला निकाल पहिल्या दिवशी कळतो. ते दवंडी देतं का? जमीन घ्यायची तेव्हा चावडीवर नोटीस डकवायला माणूस मिळतो. पैसे द्यायची पाळी आली की तोच माणूस रजेवर.

कुणी म्हणेल हे जुनं झालं. १ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा लागू आहे. दिलासा रक्कम ३० टक्क्यांची १०० टक्के झाली, हे खरं आणि चांगलं. पण कलम ६४, ७३ आणि ७७ काढून वाचा. तेच सहा आठवडे, तेच तीन महिने, तीच हरकत. आकडे बदलले, उंबरा तोच.

वतनाचं तर विचारूच नका. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात या गुलामीविरुद्ध बिल मांडलं. वतन कायद्यानं गेलं ते १९५९ साली, आणि जमीन परत मिळाली ती शर्तीची. कलेक्टरच्या परवानगीशिवाय विकायची नाही. सातबाऱ्यावर वर्ग २. आता कोर्टात भाव ठरतो आसपासच्या खरेदीखतांवर. आमचं रान विकायलाच बंदी, तर आमचं खरेदीखत येणार कुठनं? वर सरकारी वकील उभा राहून म्हणतो, शर्तीची जमीन आहे, हिला बाजारात भाव कमी, तेवढं कापा. शर्त घातली कुणी? त्याच्याच अशिलानं!

आणि आपले शिकलेले? बीए, एलएलबी झालेले? चौदा एप्रिलला स्टेजवर माईक सोडत नाहीत. गावातल्या नोटिशीवर कधी नजर टाकली का त्यांनी? मीही त्यातलाच. कोर्टाची वाट मला ठाऊक होती, आज्याची पावती मी तो मेल्यावर ट्रंकेत बघितली.

आमची मागणी साधी आहे. कोर्टानं एका रानाचा दर वाढवला की त्या अधिसूचनेतल्या सगळ्या रानांना तो आपोआप मिळालाच पाहिजे. अर्ज नको, मुदत नको, हरकतीची शाई नको. अधिसूचना काढताना सरकार प्रत्येकाचा अर्ज मागत नाही. एका फटक्यात शंभर गट नंबर घेतं. मग द्यायला एकेकाची परीक्षा कशाला?

गेल्या महिन्यात चुलतभावाचा फोन आला. उरलेलं रान तलावात जातंय, उद्या चेक घ्यायला बोलावलंय. "दादा, काय करू?"

म्हटलं, बाबू घाई करंल, करू दे. सहीच्या वर आधी लिही, 'रक्कम अपुरी आहे, हरकत राखून स्वीकारतो.' मग सही. आणि त्या कागदाची झेरॉक्स घेतल्याबिगर खुर्चीवरनं उठू नको.