राळेगणसिद्धीत एक दिवस : नेमकं काय पाहाल?

पुण्याहून शिरूरमार्गे सकाळी निघालात, तर पारनेर तालुक्यातलं राळेगणसिद्धी एका दिवसात पाहून होतं. पण यादवबाबा मंदिरात दर्शन, एक सेल्फी आणि परत, असं केलंत तर गाव पाहायचं राहूनच जातं.

काय पाहाल?
१९७५ मध्ये अण्णा हजारे गावी परतले आणि मंदिराच्या जीर्णोद्धारापासून कामाला सुरुवात झाली. पुढे श्रमदानातून पाणी अडवलं गेलं. हे काम माथ्याकडून पायथ्याकडे पाहा : आधी उतारावरचे समतल चर, मग नालाबांध, पाझर तलाव आणि शेवटी विहिरी.

कधी जाल?
पावसाळ्यानंतर शिवार हिरवं असतं. मात्र या कामाचा कस लागतो तो उन्हाळ्यात, विहिरीत डोकावल्यावर.

काय खाल?
पिठलं, भाकरी, ठेचा हे या भागातलं साधं जेवण. गावात व्यसनबंदी आहे. गुटखा-सिगारेट सोबत नेऊ नका.

जोडून काय?
याच तालुक्यात निघोजला कुकडी नदीने बेसाल्ट खडकात कोरलेले रांजणखळगे आहेत. नदीला पाणी असताना काठापासून लांबच राहा.

फोटो जरूर काढा. पण आपल्या गावचं पाणी कुठे वाहून जातं, हा प्रश्नही सोबत घेऊन या.