हप्ता बसतो, पण घर केवढ्याला पडते?



गेल्या काही वर्षांत आमच्या बेळगावच्या धर्मग्रामात घरांचे आशीर्वाद पुष्कळ झाले. हिंडलग्याकडे, अनगोळच्या पुढे, पिरनवाडीच्या रस्त्याला नव्या इमारती उभ्या राहिल्या. त्यांतल्या दोन-अडीच खोल्यांच्या घरांत फादरांच्या मागून पवित्र पाण्याचे भांडे घेऊन आम्ही शिरलो. प्रार्थना होते, खोल्याखोल्यांतून पाणी शिंपडले जाते, दारावर क्रूस लागतो, मग केक, चिवडा आणि सरबत. हातात बशी घेऊन कोणीतरी विचारतोच, "केवढ्याला पडलं?" घरधनी सांगतो, "पस्तीसला."

हे उत्तर खोटे नसते, पण ते चुकीचे असते. पस्तीस लाख ही बिल्डरने सांगितलेली किंमत. त्यातले पंचवीस लाख कर्जाऊ असतील, तर घर केवढ्याला पडले हे त्या दिवशी त्या घरधन्यालाही माहीत नसते. आम्हालाही आमच्या वेळी माहीत नव्हते.

आम्ही दोघा नवरा-बायकोंनी २०१८ साली वीस वर्षांचे कर्ज काढले. २०२० साली व्याज उतरले तेव्हा हप्ता थोडा कमी करून घेतला आणि देवाचे आभार मानले. पुढे व्याज चढले, पण हप्ता तेवढाच राहिला, म्हणून आम्ही निश्चिंत होतो. २०२३ साली मुलीच्या फीसाठी काही कागद शोधताना कर्जाचे विवरणपत्र हाती लागले. कर्ज २०३८ साली फिटायचे होते. कागदावर शेवटचा हप्ता २०४४ सालचा होता. आमची फसवणूक झाली नव्हती, कुठेतरी बारीक अक्षरात ते लिहिलेलेच असणार. व्याज वाढल्यावर हप्ता न वाढवता मुदत वाढवली गेली, एवढेच. पण ती सहा वर्षे कोणी मागितली आणि आम्ही कधी दिली, हे आजही आठवत नाही. विवरणपत्र हातात धरून स्वयंपाकघरात आम्ही बराच वेळ गप्प उभे होतो. २०४४ साली आम्ही निवृत्त झालेले असू.

मागच्या वर्षी विवाहपूर्व शिबिरात एक जोडपे आले. तो उद्यमबागेतल्या कारखान्यात, ती खासगी दवाखान्यात परिचारिका. लग्नानंतर तीन महिन्यांत घर घ्यायचे ठरलेले. आम्ही विचारले, "हिशोब केलाय का?" तो म्हणाला, "केलाय की सर. हप्ता बसतो."

हप्ता बसतो! आपल्याकडे घराचा सगळा हिशोब या दोन शब्दांत संपतो. पगारातून तेवढी रक्कम जाऊन उरलेल्यात महिना निघतो का, एवढेच आपण पाहतो. बँकही तेवढेच पाहते, कारण तिला तेवढेच पाहायचे असते. म्हणून त्या दिवशी शिबिराचा विषय बाजूला ठेवून आम्ही फळ्यावर आकडे मांडले. ते इथेही मांडतो. आकडे पाहून पान उलटण्याची आपली सवय आहे, आमचीही होती, पण एवढ्या वेळी उलटू नका.

कर्ज २५ लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षे. हप्ता येतो सुमारे २१,७०० रुपये. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले १७,७०० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून कमी होतात जेमतेम ४,०००. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला सगळेच मुद्दल शिल्लक असते, म्हणून असे होते. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता तुम्ही १३ लाख भरता. तेव्हा कर्ज किती उरते? २२ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी वाट सरल्यावर, २६ लाख भरून झालेले असतात, घेतलेल्या रकमेपेक्षा जास्त, आणि तरी साडेसतरा लाख देणे असते. वीस वर्षांची बेरीज ५२ लाख. त्यातले २७ लाख व्याज.

वर्गात कोणी बोलले नाही. मग त्या मुलीने विचारले, "मुदत वाढवून घेतली तर?" तीस वर्षे घेतली तर हप्ता १९,२०० वर येतो, म्हणजे महिन्याला अडीच हजारांचा दिलासा. पण बेरीज जाते ६९ लाखांवर. उलट पंधरा वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता २४,६०० आणि बेरीज ४४ लाख. महिन्याला तीन हजार जास्त भरून जवळपास पावणेआठ लाख वाचतात.

"पण सर, भाड्यात पैसे जातातच की," तो म्हणाला. खरे आहे. भाडे भरून शेवटी हाती काही राहत नाही, इथे घर राहते. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा असणार नाही, हेही खरे. कर्ज काढून घर घेणे पाप नाही, आणि आम्ही स्वतः घेतल्यावर इतरांना नको म्हणायचा आम्हाला अधिकारही नाही. करात सूट मिळते, असेही कोणी सांगतात. नव्या कररचनेत राहत्या घराच्या व्याजावर ती सूट नाही, आणि आपल्यातल्या बऱ्याच जणांना कर लागतच नाही, तेव्हा तो मुद्दा सोडून द्यावा. आमचे म्हणणे एवढेच की ५२ हा आकडा सही करण्याआधी पाहावा.

संत लूककृत शुभवर्तमानाच्या चौदाव्या अध्यायात प्रभू येशू बुरूज बांधणाऱ्याचे उदाहरण देतो. बांधायला निघालेला माणूस आधी बसून खर्चाचा अंदाज घेणार नाही का, असे तो विचारतो. तो दाखला शिष्यत्वाविषयी आहे, घरकर्जाविषयी नाही, हे धर्मशिक्षक म्हणून आम्हाला कळते. पण ऐकणाऱ्यांना हिशोब न करता बांधणारा माणूस ओळखीचा होता, म्हणूनच तो दाखला त्यांना पोचला. त्यातला 'आधी बसून' हा भाग आम्हाला महत्त्वाचा वाटतो. आपण उभ्याउभ्या सही करतो. एजंट घड्याळाकडे पाहत असतो, खुणेच्या चिठ्ठ्या लावलेली चाळीस पाने समोर असतात आणि बाहेर रिक्षा थांबवून ठेवलेली असते.

आता आमच्या मनाला लागलेली गोष्ट सांगतो. आमच्या धर्मग्रामातले एक कुटुंब होते, नावगाव नको. नवरा वाचक होता, बायको गायनवृंदात. २०२३ च्या सुमारास दोघे रविवारच्या मिस्साला दिसेनासे झाले. मुलगा पहिल्या ख्रिस्तप्रसादाच्या वर्गाला एक आड एक येऊ लागला. आम्ही काय केले? आपापसांत बोललो. नवे घर झाले, आता देव कशाला आठवेल, असे कोणीतरी म्हणाले आणि आम्ही ते खोडून काढले नाही. पुढे सहज घरी गेलो तेव्हा कळले. त्यांनी २०२१ साली कर्ज घेतले होते, व्याज सात टक्के होते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चारवरून साडेसहा टक्क्यांवर गेला आणि त्याला जोडलेली कर्जेही तेवढीच महाग झाली. २५ लाखांचे कर्ज सात टक्क्यांनी घेतले तर हप्ता १९,४०० च्या आत असतो. वर्षभराने दर साडेनऊ झाला तर त्या हप्त्यातून व्याज वजा जाता मुद्दलाला उरतात साठ रुपये. साठच, शून्य खाल्लेले नाही. असे कर्ज मुदतीत फिटणारच नाही, म्हणून हप्ता वाढवून २३,००० च्या वर न्यावा लागतो. हे जवळपास चार हजार रुपये आणायचे कुठून? तो रविवारी ओव्हरटाइम करत होता, ती शनिवारी रात्रपाळी. चहा पिताना तिने सांगितले, "देवाला कळतंय हो. माणसांना कसं सांगायचं?"

घराच्या कर्जाची खरी किंमत मोजताना हे कुठल्या रकान्यात लिहायचे? आम्ही त्या घराचा आशीर्वाद केला होता, केक खाल्ला होता, पण हप्त्याविषयी एक शब्द विचारला नव्हता. पैशाचे विचारणे आपल्याकडे असभ्य समजले जाते. लग्नाच्या जेवणाला किती पाने उठली हे मात्र खुशाल विचारतो.

कोणी म्हणेल, हे चर्चचे काम नव्हे. अनुवादाच्या पुस्तकाचा चोविसावा अध्याय उघडून पाहा. गहाण घ्यायला जाणाऱ्या सावकाराने ऋणकोच्या घरात शिरू नये, बाहेर उभे राहावे, आणि जात्याची तळी गहाण घेऊ नये, कारण ते माणसाचे जगणेच गहाण घेणे आहे, अशा आज्ञा तिथे आहेत. इटलीतल्या पेरुजियात फ्रान्सिस्कन धर्मबंधूंच्या प्रेरणेने १४६२ साली गरिबांना माफक दराने कर्ज देणारी पेढी उघडली गेली. आणि एवढ्या लांब कशाला जायचे? आपल्याच मराठी बोलणाऱ्या वसईच्या कॅथलिकांनी १९१८ साली स्वतःची सहकारी पतपेढी काढली, तिची आज मोठी बँक झाली आहे. त्या लोकांना व्याजाचे गणित आणि शुभवर्तमान एकाच वहीत लिहिताना संकोच वाटला नाही. आम्ही बँक काढा म्हणत नाही. शिबिरात एक तास द्या, एवढेच आमचे फादरांकडे मागणे होते आणि त्यांनी ते मान्य केले.

त्या तासात काय सांगतो ते थोडक्यात लिहितो. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या अशा कर्जांसोबत 'की फॅक्ट्स स्टेटमेंट' नावाचा कागद देणे बँकांना बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर आणि परतफेडीचा पूर्ण तक्ता त्यात असतो. तो ऋणकोला समजेल अशा भाषेत हवा आणि विचार करायला निदान तीन कामाचे दिवस मिळायला हवेत. मागून घ्या, लाजू नका. बेळगावात राहतो म्हणून इंग्रजीतच सही केली पाहिजे असे नाही. दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडायची मुभा ऋणकोला द्यावी, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितले आहे. बदलत्या दराच्या घरकर्जाचे पैसे आधी भरले तर बँकेला दंड लावता येत नाही. आधी भरण्याचा फायदा केवढा? वर दिलेल्या साडेआठ टक्क्यांच्या कर्जात दर वर्षी एकच हप्ता जादा भरला, बोनसातून म्हणा, भिशीतून म्हणा, तर कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटते आणि पाच लाखांच्या आसपास व्याज वाचते. २०२५ मध्ये रेपो दर उतरला आहे. अशा वेळी आम्ही २०२० मध्ये केली ती चूक करू नका. हप्ता कमी करून घेऊ नका, आहे तोच ठेवा.

आणि विम्याविषयी. कमावता माणूस गेला तर कर्ज बायको-मुलांवर पडू नये म्हणून विमा हवाच. पण एकरकमी लाखभराचा हप्ता कर्जातच मिळवून देतात तो प्रकार नीट पाहा. त्या एक लाखावरही वीस वर्षे व्याज चालते आणि तो विमा दोन लाख आठ हजारांना पडतो. दरवर्षी हप्ता भरायचा साधा मुदतीचा विमा वेगळा घेता येतो, त्याची किंमत आधी विचारून घ्या. कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळायला हवीत, उशीर झाला तर दिवसाला पाच हजार भरपाई, हा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. आमच्या ओळखीच्या एका आजोबांनी कर्ज फेडून चार वर्षे कागद आणलेच नव्हते. विचारले तर म्हणाले, "बँकेत सुरक्षित आहेत की."

ते जोडपे दोन महिन्यांनी पुन्हा आले. घर घेतले होते, पण पिरनवाडीच्या पुढचे आणि लहान, कर्ज सतरा लाखांचे आणि पंधरा वर्षांचे. लग्नाचा हॉल बदलून धर्मग्रामाच्या सभागृहात जेवण ठेवले, त्यावरून मुलीच्या मावशी रुसल्या आहेत म्हणे. ते दुसरे कुटुंब अजून ओव्हरटाइम करते. मात्र तो आता शनिवारी संध्याकाळच्या मिस्साला येतो आणि महिन्यातून एकदा पहिले वाचन करतो. मुलाचा पहिला ख्रिस्तप्रसाद झाला.

दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी मोठ्या मिस्सानंतर आम्ही सभागृहात बसतो. मंजुरीपत्र, विवरणपत्र, जे असेल ते घेऊन या. नाव सांगायची गरज नाही, कॅल्क्युलेटर आमच्याकडे आहे. आम्ही स्वतः हप्ता वाढवून घेतला. यंदाच्या विवरणपत्रात शेवटचा हप्ता ऑगस्ट २०३९ चा आहे.