कास ते कृष्णाकाठ

कासच्या पठारावर भाद्रपदात वाकून पाहणाऱ्यास जीवावरणाचे नाजूकपण तत्काळ उमगते. जांभ्यावरील वीतभरही नसलेल्या, नत्राने दरिद्री मातीत दवबिंदू ही वनस्पती चिकट केसांवर कीटक धरून उदरनिर्वाह करते, आणि बुटाच्या एका टाचेखाली ती नष्ट होते. २०१२ साली युनेस्कोने पश्चिम घाटासह या पठारास जागतिक वारशाचा मान दिला. परंतु आमची अधिक चिंता खाली कृष्णाकाठी आहे: वाळवा-मिरजेकडील काळ्याभोर जमिनींस उसापायी बेसुमार पाणी पाजल्याने, निचऱ्याअभावी क्षार वर येऊन, महसुली दप्तरी बागायत म्हणून नोंदलेली कित्येक शिवारे पांढरी पडली आहेत. भूमिगत सच्छिद्र नळ्या पुरून ती सुधारता येतात. मात्र तो भार एकट्या खातेदाराच्या शिरावर टाकणे अन्यायाचे होय, उसावर चालणाऱ्या कारखान्यांनी आणि सरकारनेही तो उचलावा.