व्हेप ओढतोस का, हे विचारायला हवे

जानेवारी 2025 मध्ये शेगाव तालुक्यातल्या बोंडगाव, कालवड, हिंगणा या गावांची नावे देशभरच्या बातम्यांत झळकली. आधी डोक्याला खाज, मग तीन-चार दिवसांत केस हातात येणे आणि टक्कल. संशय आधी पाण्यावर गेला, मग शाम्पूवर. आरोग्य विभागाची पथके गावात आली, नमुने तपासणीला गेले, भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेचे तज्ज्ञ दाखल झाले. पुढे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी स्वतः केलेल्या तपासण्यांवरून रेशनच्या गव्हातल्या सेलेनियमकडे बोट दाखवले. कारणाची चर्चा बाजूला ठेवली, तरी एक गोष्ट बुलढाणा जिल्ह्यातल्या डॉक्टरांनी अगदी जवळून पाहिली. एकटादुकटा रुग्ण कोड्यात टाकतो. तेच प्रश्न दहा जणांना विचारले की धागा हाती लागू लागतो. टक्कल निदान डोळ्यांना दिसत होते. फुप्फुसातली गडबड अशी दिसत नाही.

जुलै 2019 मध्ये अमेरिकेत विस्कॉन्सिन राज्यातल्या बालरुग्णालयाच्या डॉक्टरांपुढे असेच कोडे आले. धडधाकट किशोरवयीन मुले धाप, खोकला आणि ताप घेऊन भरती होत होती, दोन्ही फुप्फुसांत धुरकटपणा होता आणि जंतू काही सापडत नव्हता. खोलात शिरून विचारल्यावर प्रत्येकाच्या हिस्टरीत व्हेप निघाला. डॉक्टरांनी राज्याच्या आरोग्य खात्याला कळवले, शेजारच्या इलिनॉयमध्येही तसेच रुग्ण निघाले, आणि व्हेपमुळे होणाऱ्या फुप्फुसाच्या या इजेसाठी ‘ईव्हॅली’ हे नाव वैद्यकात रूढ झाले. फेब्रुवारी 2020 पर्यंत अमेरिकेत त्याचे 2,807 रुग्ण नोंदले गेले, त्यातले 68 दगावले.

या दोन राज्यांतल्या पहिल्या 53 रुग्णांचे वर्णन बुलढाण्यातल्या प्रत्येक जनरल प्रॅक्टिशनरने वाचावे असे आहे. त्यांचे मध्यक वय होते 19. श्वसनाच्या तक्रारी जवळपास सगळ्यांना होत्याच, पण दहापैकी आठ जणांना मळमळ, उलट्या, पोटदुखी किंवा जुलाबही होते. आता हाच एकोणीस वर्षांचा मुलगा मेहकरच्या किंवा मलकापूरच्या ओपीडीत आला आहे असे धरू. ताप आहे, उलट्या आहेत, पोट दुखते, थोडा खोकला आहे. विडाल पाठवली जाते, सलाईन लागते, सेफ्ट्रिआक्झोन सुरू होते. तिसऱ्या दिवशी बोटाला लावलेला ऑक्सिमीटर 88 दाखवतो, तेव्हा सगळ्यांची धावपळ होते. एचआरसीटीत दोन्हीकडे ग्राउंड ग्लास दिसते आणि ‘व्हायरल न्यूमोनिया’ किंवा ‘क्षय असू शकतो’ असा शेरा घेऊन तो अकोला किंवा छत्रपती संभाजीनगरची वाट धरतो. या सगळ्या प्रवासात त्याला व्हेपबद्दल कोणी विचारलेले नसते.

न विचारण्यामागे हयगय नाही, इथल्या तंबाखूचे स्वरूप आहे. जागतिक प्रौढ तंबाखू सर्वेक्षणाच्या 2016-17 च्या फेरीत महाराष्ट्रात 26.6 टक्के प्रौढ कोणत्या ना कोणत्या रूपात तंबाखू वापरत होते, पण धूम्रपान करणारे फक्त 3.8 टक्के होते. बाकी सारा खाण्याचा तंबाखू. त्यामुळे इथल्या डॉक्टरची नजर तोंडाकडे जाते: तोंड किती उघडते, गालाच्या आत पांढरा चट्टा आहे का, दात कसे रंगलेत. छातीसाठी बिडी, चूल, खामगाव-मलकापूरच्या जिनिंगमधला कापसाचा धुरळा आणि सोयाबीन-तुरीच्या मळणीची धूळ विचारली जाते. ही हिस्टरी चांगलीच आहे. मात्र व्हेप ओढणाऱ्या मुलाचे दात पांढरे असतात, बोटे पिवळी नसतात, शर्टाला धुराचा वास येत नाही. ‘तंबाखू खातोस का?’ या प्रश्नाला तो ‘नाही’ म्हणतो आणि ते खरेच असते. ‘सिगारेट?’ तेही नाही. केस पेपरवर व्यसनाच्या रकान्यात ‘निरंक’ लिहिले जाते.

वस्तूही लपायला सोपी. हायलाइटर पेनाएवढी किंवा पेन ड्राइव्हसारखी, खिशात मावणारी, आंबा, पुदिना, कलिंगड अशा चवींची. आत छोटी बॅटरी, तारेचे वेटोळे आणि द्रवात भिजलेली वात असते. झुरका घेतला की वेटोळे तापते आणि प्रॉपिलिन ग्लायकॉल व ग्लिसरीन यांचे तुषार तयार होतात. त्यांच्यासोबत निकोटिन आणि फ्लेवर आत जातो. या तुषारांना लोक ‘वाफ’ म्हणतात, म्हणून ते निरुपद्रवी वाटतात. प्रत्यक्षात हा द्रव तापताना फॉर्माल्डिहाइड, ॲसिटाल्डिहाइड, ॲक्रोलिन तयार होऊ शकतात आणि वेटोळ्यातून निकेल, क्रोमियम, शिसे यांचे अंशही तुषारांत उतरतात. निकोटिन क्षाराच्या रूपात असले की घशाला ठसका लागत नाही. बिडीचा पहिला दम नवशिक्याला खोकवतो आणि तिथेच कित्येक जण थांबतात. व्हेपने तो अडसरच काढून टाकला आहे.

फ्लेवरबद्दल थोडे विस्ताराने लिहायला हवे, कारण ‘खायला चालते ते ओढायला का नाही?’ असे रुग्ण विचारतात आणि काही डॉक्टरांनाही तसेच वाटते. 2000 साली अमेरिकेत मिसुरी राज्यातल्या जॅस्पर गावच्या मायक्रोवेव्ह पॉपकॉर्न कारखान्यातल्या आठ माजी कामगारांत ब्रॉंकिओलायटिस ऑब्लिटरन्ससारखा आजार सापडला. लहान श्वासनलिका कायमच्या आकसलेल्या, इन्हेलरने न सुधारणाऱ्या. संशय लोण्याच्या चवीसाठी वापरल्या जाणाऱ्या डायअसिटिलवर गेला. लोण्याची ती चव खाणाऱ्याला बाधत नव्हती, हुंगणाऱ्याला बाधली. हेच डायअसिटिल पुढे कित्येक व्हेप द्रवांत आढळले. ईव्हॅलीतही तीच गोष्ट. 51 रुग्णांच्या फुप्फुस धुतलेल्या द्रवाची तपासणी झाली, त्यातल्या 48 जणांत व्हिटॅमिन ई ॲसिटेट सापडले. गांजाच्या अर्काचे द्रव दाट करायला ते मिसळले जात होते. चेहऱ्याच्या क्रीममध्ये ते चालते, कॅप्सूलमध्ये चालते. पोटाला यकृत आणि पाचक रस आहेत. फुप्फुसाच्या कोशिकेला तसली सोय नाही.

ईव्हॅली हा टोकाचा प्रकार झाला. रोजच्या ओपीडीत दिसेल तो रेंगाळणारा खोकला, कफ, जिना चढताना लागणारी धाप आणि आटोक्यात असलेला दमा अचानक बिघडणे. अमेरिकेतल्या प्रौढांच्या एका मोठ्या पाहणीत व्हेप आणि सिगारेट दोन्ही ओढणाऱ्यांत श्वसनाचे जुनाट आजार होण्याची शक्यता काहीच न ओढणाऱ्यांच्या तिपटीहून अधिक दिसली. ‘सिगारेट कमी केली, आता अधूनमधून व्हेप’ असे सांगणाऱ्या रुग्णाला दिलासा देण्यापूर्वी हा आकडा आठवावा. ब्रिटनचा दाखला काही जण देतात आणि तो खोटा नाही. सिगारेट सोडायला निकोटिनच्या गम-पॅचपेक्षा निकोटिनच्या व्हेपचा उपयोग जास्त होतो, असे कॉक्रेन आढाव्याने म्हटले आहे. पण तिथे द्रवातल्या निकोटिनवर मिलिलिटरला 20 मिलिग्रॅमची मर्यादा आहे आणि तो आढावा सिगारेट सोडू पाहणाऱ्यांबद्दल बोलतो. चिखलीच्या ज्या पोराने आयुष्यात बिडीला हात लावला नाही, त्याला तो दाखला लागू करणे चूक आहे.

भारतात ही वस्तू 2019 पासून बेकायदा आहे. 18 सप्टेंबरला अध्यादेश निघाला, वर्षअखेर कायदा झाला. उत्पादन, आयात, विक्री, वितरण, जाहिरात सगळ्यावर बंदी आणि पहिल्या गुन्ह्याला एक वर्षापर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. बंदी योग्यच आहे. पण 2012 पासून गुटख्यावर बंदी असलेल्या राज्यात माल कसा पोचतो, हे मध्य प्रदेशच्या सीमेवरच्या जिल्ह्याला सांगायची गरज नाही. बंदीमुळे डॉक्टरांपुढे दोन अडचणी येतात. बाजारात येतो तो सगळाच चोरटा माल, म्हणून आत काय आहे याचा भरवसा नाही. वेष्टनावर ‘निकोटिन नाही’ असे छापले असले तरी विश्वास ठेवू नये. दुसरे म्हणजे मुलगा घाबरतो. ओढणाऱ्याला शिक्षा या कायद्याने सांगितलेली नाही, हे डॉक्टरांनी त्याला स्पष्ट सांगावे आणि विचारताना आईवडिलांना पाच मिनिटे बाहेर बसवावे. बापासमोर कोणताही मुलगा खरे सांगणार नाही.

प्रश्नही नेमका हवा. ‘व्हेप, पॉड, ई-हुक्का, फ्लेवरवाला पेन, यातले काही ओढतोस का? गेल्या तीन महिन्यांत ओढलेस का? त्यात गांजाचे काही होते का?’ तीन महिने यासाठी, की ईव्हॅलीच्या व्याख्येत लक्षणांपूर्वीचे 90 दिवस धरले जातात. पुण्यात, संभाजीनगरात शिकणारी मुले दिवाळीला घरी आलेली असतात, तेव्हा हे विचारायला चुकू नये.

उत्तर ‘हो’ आले म्हणून निदान झाले असे मात्र नाही. ईव्हॅली हे बाकी सगळे वगळून करायचे निदान आहे, आणि आपल्याकडे वगळण्याच्या यादीत क्षय पहिला. ईव्हॅलीत अनेकांना स्टिरॉइडने झपाट्याने उतार पडला, हे वाचून घाईने मिथिलप्रेडनिसोलोन सुरू केले आणि खाली क्षय निघाला, तर फार महागात पडेल. थुंकीची सीबीनॅट आधी. उलट बाजूही तेवढीच खरी: सीबीनॅट कोरी, हिस्टरीत व्हेप, दोन्हीकडे ग्राउंड ग्लास, आणि तरी सहा महिन्यांची क्षयाची औषधे सुरू, हे टाळता येण्यासारखे आहे. ईव्हॅलीच्या रुग्णाला घरी सोडल्यावर 48 तासांच्या आत पुन्हा तपासावे, अशी अमेरिकेच्या रोग नियंत्रण केंद्राची सूचना होती. जळगाव जामोद, संग्रामपूरकडच्या रुग्णाला ते जमणार नसेल तर निदान फोनवरून श्वास आणि ऑक्सिजन विचारावा.

सोडवण्यासाठी राष्ट्रीय तंबाखूमुक्ती क्विटलाइनचा 1800-11-2356 हा विनामूल्य क्रमांक चिठ्ठीवर लिहून द्यावा. निकोटिन सुटताना पहिल्या आठवड्यांत चिडचिड होते, झोप उडते, अभ्यासात लक्ष लागत नाही. हे आधीच सांगितले तर मुलगा घाबरून पुन्हा पॉडकडे वळत नाही.

बुलढाण्यात ऑक्टोबर 2024 मध्ये शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे उद्घाटन झाले. तिथले विद्यार्थी वॉर्डात उभे राहून हिस्टरी लिहायला शिकतील, तेव्हा त्यांच्या नमुन्यात तंबाखू, बिडी, दारू यांच्या खाली व्हेपची स्वतंत्र ओळ असावी: काय, कधीपासून, शेवटचा झुरका कधी. जिल्ह्यातल्या खासगी दवाखान्यांनी ती ओळ आजच छापून घ्यावी. आणि जंतू न सापडलेल्या न्यूमोनियाच्या दोन तरुण रुग्णांत ती ‘हो’ निघाली, तर तिसऱ्याची वाट न पाहता जिल्हा शल्यचिकित्सकांना कळवावे.