बाकीचे मोल

पूर्णांकांचा भागाकार ही प्राथमिक शाळेत शिकून विसरावयाची कृती, असा साहित्याच्या अभ्यासकांचा सर्वसाधारण समज दिसतो. वस्तुतः तौलनिक अभ्यासाला तिच्याइतकी उद्बोधक कृती क्वचितच आढळेल. ५० ला ८ ने भागले असता भागाकार ६ येतो व बाकी २ उरते. भाजक आणि भागाकार यांच्या गुणाकारात बाकी मिळविली की भाज्य पुन्हा हाती येतो. बाकी टाकून दिली तर ४८ मिळतात, ५० नव्हेत. शिवाय बाकी भाजकाहून लहानच असावी लागते. ती भाजकाइतकी वा त्याहून मोठी उरली, तर भागाकार अपुरा राहिला असे समजावे.

भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) १६२० ला १२ ने भागण्याचे उदाहरण आहे. दोहोंना ३ ने वा ४ ने अपवर्तन देऊन, म्हणजे ५४० ला ४ ने किंवा ४०५ ला ३ ने भागूनही, उत्तर १३५ च येते. येथे बाकी उरत नाही, म्हणून ही सोय निर्धोक आहे. ५० व ८ यांना २ ने अपवर्तन देऊन २५ ला ४ ने भागले, तर भागाकार ६ च राहतो. पण बाकी २ ऐवजी १ होते. संक्षेपाने लब्धी ढळत नाही, शेष मात्र घटतो.

वाङ्मयाच्या अभ्यासात नेमके हेच घडते. बखरीला इतिहासाने भागले की घटना व व्यक्ती हाती लागतात. कथनाची ढब, बखरकाराचा पक्ष, ऐकीव गोष्टींवरील त्याची श्रद्धा हे सारे ‘दोष’ म्हणून पुसले जाते. ‘लीळाचरित्रा’ला आधुनिक चरित्राचे माप लावले, तरी गत तीच. उरते ते मापाहूनही मोठे असेल, तर चूक ग्रंथाची नव्हे, भागणाराची म्हणावी लागेल.

यावरील उपायही भारतीय गणितातच आहे. आर्यभटाने इ. स. ४९९ मध्ये कुट्टकाची रीत सांगितली. तिचे विवरण करताना पहिल्या भास्कराने ६२९ मध्ये एक प्रश्न घातला. ८ ने भागता ५, ९ ने भागता ४ व ७ ने भागता १ बाकी उरते, अशी संख्या कोणती? अशी सर्वांत लहान संख्या ८५. येथे भागाकार विचारलेलेच नाहीत. तीन बाक्या एकत्र आल्या की संख्येची ओळख पटते.

भारतीय साहित्याच्या तुलनेलाही एकाच भाजकावर विसंबून चालणार नाही. एखाद्या मराठी कृतीला संस्कृत काव्यशास्त्राचे, कन्नड वा फारसी परंपरेचे आणि पाश्चात्य समीक्षेचे माप स्वतंत्रपणे लावावे आणि प्रत्येक वेळी काय उरले ते प्रामाणिकपणे नोंदवावे. साम्ये मोजणाऱ्या प्रबंधांची वाण नाही. बाकी मांडणारे प्रबंध मात्र अजून विरळाच. विद्यापीठांतून ‘साम्य दाखवा’ या प्रश्नाशेजारी ‘काय उरले ते सांगा’ हाही प्रश्न विचारला गेला पाहिजे.