मांडी घाला, हात बांधा, गप्प बसा!

अंबरनाथच्या बुवापाड्यासारख्या दाट वस्तीत सकाळी शाळेच्या वेळेला चार वर्षांचे मूल पाहावे. आईच्या हाताला हिसडे देत, पायरी दिसली की चढत, डबके दिसले की ओलांडत ते चाललेले असते. शाळेच्या दारातून आत गेले की हे सारे चैतन्य शिस्तीच्या नावाखाली काढून घेतले जाते. मांडी घाला, हाताची घडी, तोंडावर बोट! जे मूल हलत नाही ते गुणी आणि जे हलते ते द्वाड, असा निवाडा पहिल्याच आठवड्यात होतो. पालकही तो मान्य करतात, कारण त्यांचेही बालपण याच निवाड्याखाली गेलेले असते.

ही शिस्त म्हणजे आपली परंपरा, असे कोणी म्हणेल. पंतोजींच्या शाळेतही छडी होती, हे प्रामाणिकपणे मान्य केलेच पाहिजे. परंतु त्याच समाजातील मुली सागरगोट्यांत मोजणी शिकत, ठिकरीच्या घरांतून उड्या मारताना तोल आणि अंदाज शिकत, भोंडल्याच्या फेरात शब्द आणि ठेका एकदमच आत्मसात करीत. शाळेने या शिक्षणाला ‘खेळ’ म्हणून दाराबाहेर ठेवले. इंग्रजी अमदानीत कारकून घडविण्यासाठी बाकांच्या रांगा मांडल्या गेल्या; स्वातंत्र्यानंतर आपण ते बाक तेवढे नव्याने रंगविले.

वास्तविक यावरचा उतारा शोधण्यासाठी परदेशी जाण्याचे कारण नव्हते. तो ठाणे जिल्ह्यातच सापडला होता. डहाणू तालुक्याचा भाग २०१४ साली पालघर जिल्ह्यात गेला. त्यापूर्वी बुवापाडा आणि कोसबाड यांचा जिल्हा एकच होता. भावनगरला गिजुभाई बधेकांसमवेत काम केलेल्या ताराबाई मोडकांनी १९४५ साली बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले. अनुताई वाघ त्यांना तेथेच येऊन मिळाल्या, आणि पुढे हे कार्य कोसबाडच्या टेकडीवर स्थिरावले. मॉन्टेसरीबाई इटलीच्या, पण त्यांची महागडी साधने येथे वारल्यांच्या पाड्यावर कोण आणणार? खडे, बिया, शिंपले, पाने हीच साधने झाली. पाड्यावरची मुले बालवाडीत येईनात, तेव्हा बालवाडी त्यांच्या अंगणात भरली. गुरे राखणारी मुले शाळेत येईनात, तेव्हा शाळाच कुरणात गेली. ‘कुरणशाळा’ हा शब्द त्यातूनच रूढ झाला. मुलाने आधी स्थिर बसावे, मग शिकवू, अशी अट या दोघींनी घातली नाही.

यामागे साधे शरीरशास्त्र आहे. लहान मुलाचे खांदे-दंड आधी वळणावर येतात, बोटे नंतर. म्हणून ‘अ’ आधी वाळूत किंवा हवेत हात फिरवून गिरवावा, मग पाटीवर. जमिनीवर खडूने एक ते वीस घरे आखावीत. सातवर उभ्या राहिलेल्या मुलाने पाच उड्या घेतल्या की तो बारावर येतो. बेरीज त्याला पायांनी कळते. उलट उड्या म्हणजे वजाबाकी. या ‘उपकरणा’चा खर्च एका खडूचा!

यावर आक्षेप ठरलेले असतात. वर्ग लहान, पट मोठा, गोंगाट फार. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने प्राथमिक शाळेसाठी तीस मुलांमागे एक शिक्षक आणि प्रत्येक शाळेला क्रीडांगण सांगितले. दाट वस्तीत क्रीडांगण कोठून येणार, हा प्रश्न खरा आहे. पण बाक भिंतीला लावण्यास कोणत्या शासन निर्णयाची आवश्यकता आहे? गोंगाटाचेच म्हणाल, तर तीस मुले एका सुरात पाढे ओरडतात तेव्हा तो कोणाला खुपत नाही.

२०२२ साली आलेल्या पायाभूत स्तराच्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्याने तीन ते आठ वर्षांच्या मुलांसाठी खेळाला शिक्षणाच्या केंद्रस्थानी ठेवले; अन्नमय कोशापासून आनंदमय कोशापर्यंतच्या पंचकोशांचा त्यात स्पष्ट उल्लेख आहे. कागद उत्तम आहे. परंतु याच वयाच्या मुलांना गृहपाठाच्या वह्या भरावयास लावणाऱ्या शाळांपुढे प्रवेशाच्या रांगा लावतो कोण? खेळातून संस्कार होतात, हे शाखेच्या मैदानावर रोज अनुभवणारे कार्यकर्तेसुद्धा या रांगांत असतात. संघस्थानावर कबड्डीचे महत्त्व सांगणारा गृहस्थ घरी येऊन बालवर्गातील लेकराला दरडावतो, ‘आधी बसून दोन पाने लिही!’ त्याचा दोष मेकॉलेच्या माथी किती दिवस मारावयाचा?

येत्या जूनपूर्वी प्रवेशासाठी शाळेची पायरी चढताना शुल्क, गणवेश आणि माध्यम यांची चौकशी सारेच करतील. बालवर्गातील मूल दिवसातून किती वेळ उभे असते, हेही मुख्याध्यापकांना विचारावे, आणि उत्तर वर्गाच्या दारात उभे राहून पडताळून घ्यावे.